"दाजी, तुम्ही फक्त सही करा": जामीनदाराने तडजोडीत काय बघायचे

आधी प्रश्न थोडक्यात सांगतो, म्हणजे बाकीच्यांनाही संदर्भ लागेल. विचारणारे गृहस्थ सातपूरला एका कारखान्यात पर्मनंट आहेत. पगार महिना 40 हजार, पाथर्डी फाट्यावर स्वतःचा फ्लॅट. त्यांच्या मेव्हण्याने, म्हणजे पत्नीच्या भावाने, जून 2021 मध्ये दिंडोरीकडच्या द्राक्षबागेसाठी ओळखीच्या एका निवृत्त शिक्षकांकडून 12 लाख रुपये घेतले. दरसाल दरशेकडा 12 व्याज, 2 वर्षांची मुदत. स्टॅम्पपेपरवर करार झाला आणि त्यावर यांनी जामीनदार म्हणून सही केली. मेव्हण्याने एक वर्ष व्याज दिले, मग बाग अवकाळीत गेली आणि सगळेच थांबले. सरांनी 2024 मध्ये नाशिकच्या दिवाणी न्यायालयात दोघांवर 14 लाख 88 हजारांचा दावा लावला.

आता बोलणी 11 लाखांवर आली आहेत. 2 लाख लगेच, उरलेले 9 लाख दरमहा 50 हजारांच्या 18 हप्त्यांत. एक हप्ता चुकला तर दाव्याची पूर्ण रक्कम 18 टक्के व्याजासह "दोन्ही प्रतिवादींकडून संयुक्तपणे व वैयक्तिकरीत्या" वसूल करता येईल, असे मसुद्यात आहे. मेव्हणा म्हणतो, "दाजी, तुम्ही फक्त सही करा, पैसे मीच भरणार आहे." यांचा प्रश्न असा: सही करू का? नाही केली तर मी सुटतो का?

मी नाशिकच्या जिल्हा न्यायालयात 26 वर्षे दिवाणी कामे करतो. जामीनदाराचे प्रश्न माझ्याकडे येतात ते बहुतेक वेळा फार उशिरा, हुकूमनामा होऊन त्याच्या वसुलीची दरखास्त लागल्यावर. तुम्ही सहीच्या आधी विचारताय, म्हणून हे उत्तर लांबले तरी सगळे लिहितो.

तुमचे सगळे लक्ष 11 लाखांच्या आकड्यावर आहे. 14 लाख 88 हजारांचे 11 लाख झाले म्हणजे चांगलेच झाले, असे तुम्ही लिहिले आहे. मेव्हण्यासाठी ते चांगलेच आहे. पण हा आकडा त्याचा आहे, तुमचा नाही. सगळे हप्ते वेळेवर गेले तर तुम्हाला एक रुपयाही भरायचा नाही, मग 11 असो की 13. आणि हप्ता चुकला तर 11 लाख हा आकडा मसुद्यातून नाहीसा होतो आणि 14 लाख 88 हजार अधिक 18 टक्के तुमच्यासमोर उभे राहतात. म्हणजे तुमच्या दृष्टीने या तडजोडीत एकच कलम आहे, ते हप्ता चुकण्याचे कलम. हप्ता चुकला तर काय, ते. बाकीची पाने मेव्हण्याने आणि सरांनी वाचावीत. तुम्ही ते एक कलम दहा वेळा वाचा.

दुसरा प्रश्न स्वतःला विचारा. पैसे मेव्हणाच भरणार आहे, तर सरांच्या वकिलांना तुमची सही कशाला हवी? भारतीय करार कायदा, 1872 याच्या कलम 135 प्रमाणे धनकोने, म्हणजे पैसे देणाऱ्याने, जामीनदाराच्या संमतीशिवाय मूळ ऋणकोशी, म्हणजे कर्ज घेणाऱ्याशी, तडजोड केली, त्याला मुदत वाढवून दिली किंवा त्याच्यावर दावा न लावण्याचे वचन दिले, तर जामीनदार मुक्त होतो. सरांच्या वकिलांना हे पक्के ठाऊक आहे. तुम्हाला वगळून मेव्हण्याला 18 हप्ते दिले, तर तुम्ही त्यांच्या हातून निसटण्याची शक्यता आहे. म्हणून तुमची सही. ती सही नुसती औपचारिकता नाही, तिला किंमत आहे, आणि मेव्हणा ती फुकट मागतोय. मुद्दाम मागत नसेल, त्यालाही हे माहीत नसेल. पण तुम्हाला माहीत असायला हवे.

आता कशाकशावर अवलंबून आहे ते.

पहिली गोष्ट म्हणजे मूळ स्टॅम्पपेपर. त्याची प्रत दाव्यासोबत तुम्हाला मिळालेली असणार, काढून नीट वाचा. हातउसन्याच्या करारांत सह्या कुठेही केलेल्या असतात. तुमची सही "जामीनदार" या शब्दाखाली आहे, "सहकर्जदार" म्हणून आहे, की "साक्षीदार" म्हणून? सहकर्जदार असाल तर जामीनदाराचे बचाव तुम्हाला तसे मिळत नाहीत. नुसते साक्षीदार असाल तर तुमच्यावर दावाच चालू नये. आणि जामीनदार असाल तर मजकुरात "धनकोने ऋणकोला मुदत दिली अगर तडजोड केली तरी जामीनदाराची जबाबदारी कायम राहील" अशा अर्थाचे वाक्य आहे का ते बघा. बँकांच्या छापील जामीनपत्रांत ते हमखास असते. असे वाक्य असले तर कलम 135 चा बचाव बराच लंगडा होतो, कारण संमती आधीच दिली असे समोरचा म्हणतो. टंकलेखकाने जुन्या नमुन्यावरून उतरवलेल्या हातउसन्याच्या करारात ते कधी असते, कधी नसते.

दुसरी गोष्ट तुम्ही जाता जाता एका ओळीत लिहिली आहे, पण माझ्या मते तुमच्या पत्रातली तीच सर्वांत महत्त्वाची ओळ आहे. "सुरुवातीला मेव्हण्याने सरांकडे 5 तोळे सोने ठेवले होते, ते मे 2023 मध्ये घरातल्या लग्नासाठी परत आणले." करार कायद्याचे कलम 141 सांगते की जामिनाचा करार झाला त्या वेळी धनकोकडे जे तारण होते, त्याचा फायदा मिळण्याचा जामीनदाराला हक्क आहे. त्याला त्या तारणाची माहिती असो वा नसो. धनकोने ते तारण गमावले किंवा जामीनदाराच्या संमतीशिवाय सोडून दिले, तर तारणाच्या किमतीइतका जामीनदार मुक्त होतो. 2023 च्या भावाने 5 तोळे म्हणजे साधारण 3 लाख. हा बचाव सिद्ध झाला तर तुमच्यावरची रक्कम तेवढ्याने कमी होते, मेव्हण्यावरची नाही.

यात खाचा आहेत. सोने करार झाला त्याच दिवशी ठेवले होते, की नंतर? करारात त्याचा उल्लेख आहे का? चिठ्ठी, मेसेज, काही आहे का? आणि परत आणले तेव्हा तुम्हाला विचारले होते का? ते तुमच्याच घरातले लग्न होते. सरांचे वकील उलटतपासात विचारणार, "लग्नात ते दागिने तुमच्या डोळ्यांसमोर होते ना?" डोळ्यांसमोर असणे आणि संमती देणे यांत फरक आहे, पण साक्षीच्या पिंजऱ्यात तो फरक नीट सांगता यायला हवा. तुमच्या कैफियतीत, म्हणजे दाव्याला दिलेल्या लेखी उत्तरात, हा मुद्दा घेतला आहे का, ते आजच तपासा. नसेल घेतला तर दुरुस्ती अर्ज द्यावा लागेल. आणि कैफियतच दाखल नसेल, तडजोड चालू आहे म्हणून थांबला असाल, तर पहिले काम ते. समन्स बजावल्यापासून 30 दिवस, फार तर 90, एवढीच मुदत कायद्याने दिलेली आहे. नंतर विलंब माफीसाठी कोर्टाची मनधरणी करावी लागते. तडजोडीची बोलणी चालू असताना दावा झोपत नाही.

आता एका गैरसमजाबद्दल, कारण तुम्हीही तो लिहिला आहे: "आधी मेव्हण्याकडून वसूल करा, नाही झाले तर माझ्याकडे या, असे मी कोर्टाला सांगू शकतो ना?" नाही. करार कायद्याच्या कलम 128 प्रमाणे जामीनदाराची जबाबदारी ऋणकोच्या जबाबदारीइतकीच असते, करारात वेगळे ठरलेले नसेल तर. बँक ऑफ बिहार विरुद्ध दामोदर प्रसाद या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने 1969 पूर्वीच हे स्पष्ट केले आहे की धनकोला आधी ऋणकोच्या मागे लागलेच पाहिजे असे बंधन नाही. तो थेट जामीनदाराकडे येऊ शकतो, आणि व्यवहारात तोच सोपा असतो.

का सोपा, ते आकड्यांत बघू. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम 60 मध्ये कशावर जप्ती येत नाही याची यादी आहे. शेतकरी स्वतः राहतो ते घर जप्तीतून वगळलेले आहे. तुमच्या मेव्हण्याचे मळ्यातले घर त्यात बसते. तुमचा पाथर्डी फाट्यावरचा फ्लॅट सहसा बसत नाही. मेव्हण्याच्या सातबाऱ्यावर इतर हक्कात सोसायटीचा, बँकेचा बोजा आधीच असणार. तुमचा पगार मात्र दर महिन्याला ठरल्या तारखेला येतो. पगारातले पहिले 1 हजार आणि उरलेल्याचे दोन तृतीयांश सोडून बाकीचा भाग जप्त करता येतो. 40 हजारांतून 1 हजार वजा केले, 39 हजार उरले, त्याचा तिसरा हिस्सा 13 हजार. महिना 13 हजार कापून कोर्टात जमा होतील. ही कपात एकाच हुकूमनाम्यासाठी एकूण 24 महिनेच होऊ शकते, मग त्या हुकूमनाम्यापुरता पगार कायमचा मोकळा. म्हणजे पगारातून जास्तीत जास्त 3 लाख 12 हजार. प्रॉव्हिडंट फंडाला जप्ती लागत नाही. फ्लॅट मात्र उघडा आहे, आणि त्यावर गृहकर्ज असले तरी उरलेल्या हक्काला हात लागू शकतो.

हे मांडण्याचे कारण असे की तडजोडीच्या टेबलावर दोन्ही बाजूंना आपापली ताकद माहीत असली की बोलणी लवकर मिटतात. सरांची बाजूही समजून घ्या. ते सावकार नाहीत. निवृत्तीच्या पैशांतून एकदाच त्यांनी ओळखीत रक्कम दिली. त्यांना खटला जिंकण्यापेक्षा हयातीत पैसे हातात यायला हवेत. दावा शेवटपर्यंत लढला तर पुरावा, युक्तिवाद, निकाल, वर अपील, मग दरखास्त. किती वर्षे जातील याची खात्री कुणी देऊ शकत नाही. माझ्या अनुभवात असा माणूस मोठ्या आकड्याच्या आश्वासनापेक्षा छोट्या आकड्याच्या डिमांड ड्राफ्टला जास्त मान देतो.

म्हणून मी तुमचा वकील असतो तर पहिला प्रस्ताव असा ठेवला असता: जामीनदार सहीच्या दिवशी ठरावीक रक्कम ड्राफ्टने देईल, आणि त्या बदल्यात सर त्याला या व्यवहारातून पूर्ण मुक्त करतील. उरलेली रक्कम मेव्हणा देईल, हप्ते चुकले तर फक्त त्याच्यावर दरखास्त. जामीनदाराला सोडले म्हणून मूळ ऋणको सुटत नाही, त्यामुळे सरांचा मेव्हण्यावरचा हक्क शाबूत राहतो. किती रक्कम? सोन्याचा मुद्दा, पगाराचे गणित, दोन्ही बघता 2 ते 3 लाखांच्या दरम्यान बोलणी सुरू करता येतील असे मला वाटते. पण तुमचे कागद मी पाहिलेले नाहीत. सोन्याचा लेखी पुरावा असेल तर आकडा खाली येईल, करारात मुदतवाढीची आगाऊ संमती असेल तर वर जाईल. ही रक्कम उभी करायला पीएफ काढू नका. ज्या पैशाला कायद्याने संरक्षण दिले आहे तो स्वतःहून बाहेर काढण्यात शहाणपण नाही.

"मी का 3 लाख भरू, घेतले त्याने," असे तुमच्या पत्नीला वाटेल, आणि ते खरेच आहे. पण जामीनदाराने जी रक्कम रीतसर भरली ती ऋणकोकडून परत मिळवण्याचा हक्क त्याला कलम 145 ने आहे, आणि पैसे भरल्याच्या तारखेपासून 3 वर्षांत दावा लावता येतो. पण मेव्हण्यावर दावा कोण लावणार? माझ्या ऑफिसात असे जोडपे बसलेले असते तेव्हा या वाक्यावर बाई खाली बघतात आणि विषय संपतो. दरवेळी. म्हणून यावर मी एक उपाय नेहमी करतो. दिवाणी संहितेच्या आदेश 23 नियम 3 खाली होणारी तडजोड दाव्याच्या विषयापुरतीच असली पाहिजे असे नाही. त्याच पक्षकारांमधले इतर विषयही त्यात घेता येतात, 1976 च्या दुरुस्तीपासून. मग मेव्हण्याने तुम्हाला द्यायची रक्कमही त्याच तडजोडनाम्यात लिहा: "प्रतिवादी क्रमांक 2 याने भरलेली रक्कम प्रतिवादी क्रमांक 1 अमुक तारखेपर्यंत त्यास परत करील." त्यावर हुकूमनामा झाला की पुढे नवा दावा लागत नाही. घरात भांडण न करता आज, सगळे गोडीत असताना, हे वाक्य लिहून घेता येते. दोन वर्षांनी घेता येणार नाही. मेव्हणा म्हणतोच आहे की पैसे मीच भरणार. मग ते लिहायला त्याची हरकत नसावी.

त्याने जमिनीचा तुकडा तारण म्हणून तुमच्या नावे बोजा करून द्यायचे ठरवले तर एक लक्षात ठेवा. जी स्थावर मिळकत दाव्याचा विषय नाही ती तडजोडीत आणली, तर तो हुकूमनामा नोंदणीला न्यावा लागतो. नाहीतर सातबाऱ्यावर तुमचे नाव चढवताना अडचण येते.

समजा रोख रक्कम देऊन मोकळे होणे तुम्हाला जमत नाही, किंवा सर तयार नाहीत. मग सही करायचीच तर मसुदा बदलून करा. यात मी कुठे कुठे लाल रेघ मारली असती ते सांगतो.

हप्ते आधी. द्राक्षवाल्याला महिन्याला 50 हजार कुठून येणार? ऑक्टोबरच्या छाटणीपासून त्याचा खर्चच सुरू असतो. औषधे, मजुरी, डिपिंग, सगळे उधारीवर. माल फेब्रुवारी ते एप्रिल जातो आणि व्यापाऱ्याचे पैसे त्यानंतर. ऑगस्टचा हप्ता तो बाहेरून व्याजाने घेऊन भरेल, नोव्हेंबरचा चुकेल. हा मसुदा बनवणाऱ्याने बाग बघितलेली नाही. 15 मे ही तारीख धरून दोन हंगामांत दोन मोठे हप्ते आणि मधल्या महिन्यांत सरांच्या घरखर्चाला उपयोगी पडेल अशी छोटी रक्कम, असे ठेवले तर हप्ते टिकण्याची शक्यता खूप वाढते. तुमच्यासाठी याहून मोठे संरक्षण दुसरे नाही.

मग हप्ता चुकण्याचे कलम. एका हप्त्याला उशीर झाला की सगळे कोसळावे, हे मान्य करू नका. लागोपाठ दोन हप्ते थकले, आणि सरांनी तुम्हाला स्वतंत्र लेखी नोटीस दिली, आणि त्यानंतर 30 दिवसांत तुम्हीही थकलेला हप्ता भरला नाही, तरच चूक झाली असे समजावे. मेव्हणा हप्ता चुकवतो तेव्हा तो सर्वांत शेवटी तुम्हाला सांगतो, लाजेने. ती नोटीस तुमच्या पत्त्यावर येणे म्हणूनच गरजेचे आहे.

चुकल्यावरची रक्कम किती, हे पुढचे. "दाव्याची पूर्ण रक्कम" याऐवजी "तडजोडीच्या रकमेपैकी शिल्लक" असे घाला. सरांचे वकील सहजी ऐकणार नाहीत. पूर्ण येणे मान्य करून वेळेवर भरल्यास सूट, अशी रचना असेल तर चुकल्यावर सूट जाणे याला न्यायालये सहसा दंड मानत नाहीत. पण मूळ 12 टक्क्यांवरून 18 टक्के करणे हे दंडासारखे आहे असे म्हणायला जागा आहे. तिथे अडून बसा. आणि काहीही झाले तरी तुमच्यापुरती कमाल मर्यादा लिहून घ्या: "प्रतिवादी क्रमांक 2 ची एकूण जबाबदारी रुपये अमुक यापेक्षा जास्त असणार नाही." हे एक वाक्य मिळाले तर बाकी दोन सोडले तरी चालतील.

कोरे चेक दिले होते का, ते तुम्ही लिहिलेले नाही. दिले असतील तर चेक क्रमांकांसह परतीची तारीख तडजोडनाम्यात हवी. मूळ जामीनपत्रही परत. चेक तसेच राहिले तर दावा मिटल्यावर एखादा बँकेत टाकला जाऊ शकतो आणि मग चेक न वटल्याबद्दल कलम 138 ची फौजदारी तक्रार वेगळीच मागे लागते.

आणखी कोणी जामीनदार असेल, उदाहरणार्थ मेव्हण्याचा भाऊ, तर वेगळे ठरलेले नसताना जामीनदारांमध्ये भार समान वाटला जातो. तुम्ही वाट्यापेक्षा जास्त भरले तर त्याच्याकडून मागू शकता. त्याची सही तडजोडीवर आहे की नाही, तेही बघा.

तडजोड कुठे नोंदवायची? कोर्टातच तडजोड पुरशीस, म्हणजे तडजोडीचे लेखी निवेदन, दाखल करून, किंवा लोक अदालतीत. लोक अदालतीचा निवाडा दिवाणी हुकूमनाम्यासारखाच असतो, त्यावर अपील नाही, आणि वादीला कोर्ट फी परत मिळते. 14 लाख 88 हजारांच्या दाव्यावरची फी सरांसाठी लहान नाही, तेव्हा ते लोक अदालतीला राजी होतील, आणि हे तुम्हाला बोलणीत वापरता येईल. पण कोर्टातल्या तडजोडीच्या हुकूमनाम्यावरही अपील नाही, आणि ती रद्द करायला वेगळा दावाही लावता येत नाही. सही म्हणजे शेवट, दोन्हीकडे.

काही वर्षांपूर्वीची एक गोष्ट सांगतो. एका कारखान्यातले फोरमन माझ्याकडे आले, हातात प्लॅस्टिकच्या पिशवीत घडी घातलेला तडजोडनामा. लोक अदालतीच्या दिवशी हॉल भरलेला, पॅनेलसमोर रांग, कर्जदार मित्र घाईत. तीन पानांच्या मसुद्याच्या शेवटच्या पानावर त्यांनी सही केली होती. दुसऱ्या पानावर, चौथ्या परिच्छेदात, "संयुक्तपणे व वैयक्तिकरीत्या" हे शब्द होते. त्यांनी ते पान पहिल्यांदा वाचले ते माझ्या टेबलावर, चष्मा काढून, कागद डोळ्यांजवळ धरून. मित्राने तीन हप्ते भरले. बेलिफ कारखान्याच्या गेटवर आला तेव्हा यांनी घाबरून धनकोच्या घरी जाऊन 1 लाख 60 हजार रोख दिले. पावती घेतली नाही, कोर्टात नोंद केली नाही.

तिथे मी फारसे काही करू शकलो नाही, आणि ते मला अजून लागते. हुकूमनामा झाल्यावर कोर्टाबाहेर दिलेली रक्कम कोर्टात नोंदवली नाही तर दरखास्त चालवणारे न्यायालय ती धरतच नाही. आदेश 21 नियम 2 तसे सांगतो, आणि ऋणकोच्या बाजूने नोंदीचा अर्ज द्यायला 30 दिवसांची मुदत आहे. धनकोने नंतर 1 लाख मान्य केले, 60 हजार केले नाहीत. तुमच्याबाबतीत प्रत्येक पैसा बँकेतून जाऊ दे. 20 हजार किंवा त्याहून मोठी कर्जाची परतफेड रोखीत करणे आयकर कायद्यालाही मान्य नाही, त्यामुळे सरांनाही यात हरकत नसावी. आणि प्रत्येक हप्त्याची पुरशीस कोर्टात. मेव्हणा विसरला तर तुमच्या वकिलांनी द्यावी.

वाचणाऱ्यांपैकी ज्यांचे कर्ज पतसंस्थेचे आहे त्यांनी हे सगळे जसेच्या तसे लावू नये. तिथे महाराष्ट्र सहकारी संस्था अधिनियम, 1960 च्या कलम 101 खाली वसुली दाखला निघतो. दाव्याचा रस्ता वेगळा, आणि दाखल्याविरुद्ध पुनरीक्षण करायचे तर आधी वसूलपात्र रकमेच्या 50 टक्के भरावे लागतात. तिथे तडजोड दाखला निघण्याआधी करण्यातच हित असते. बँकेच्या तडजोडीचा क्रेडिट रिपोर्टवर परिणाम होतो, तो तुमच्या प्रश्नात येत नाही.

तर तुमच्या दोन प्रश्नांची सरळ उत्तरे. सध्याच्या मसुद्यावर सही करू नका. आणि सही न केल्याने तुम्ही आपोआप सुटत नाही. सरांनी मेव्हण्याशी एकट्याने तडजोड केली तर सुटण्याची चांगली शक्यता आहे, पण त्यांनी तडजोडच मोडून दोघांवर दावा चालवला तर सोन्याच्या मुद्द्यावर आणि कागदावर लढावे लागेल. म्हणून नुसता नकार देऊ नका, बदललेला मसुदा घेऊन जा.

पुढच्या तारखेला कोर्टाकडे तडजोडीसाठी मुदत मागा, ती सहसा मिळते. तोवर तीन कागद एकत्र करा: मूळ कराराची प्रत, तुमच्या कैफियतीची प्रत, आणि सोने ठेवल्याचे किंवा परत नेल्याचे जे काही हाती लागेल ते. मेसेज, दागिन्यांच्या पावत्या, लग्नाचे फोटोसुद्धा. ते घेऊन तुमच्या स्वतःच्या वकिलांकडे जा. मेव्हण्याच्या नाही. दोघांचे वकीलपत्र एकाच वकिलाकडे असेल, जसे घरच्या प्रकरणात बहुतेक वेळा असते, तर ते आधी वेगळे करा. आणि मेव्हण्याला घरी बोलवा, पत्नीसमोर मसुद्यातले ते कलम मोठ्याने वाचा, आणि त्याला विचारा की नोव्हेंबरचा हप्ता तो कशातून भरणार आहे.